खाणावळीची वही



बरेच दिवस इथे काही लिहिले नाही. मोतीबिंदूचे ऑपरेशन झाले, मग डॉक्टरांनी स्क्रीनपुढे बसायला बंदी घातली. आता बंदी उठली आहे आणि लिहायला कारणही मिळाले आहे.

गेल्या महिन्यात लालबागहून आतेभावाचा फोन आला. त्यांची चाळ पुनर्विकासात पाडायची आहे, खोली रिकामी करतोय, माळ्यावरचे सामान बघून जा म्हणाला. गेलो. पितळेची दोन पातेली, एक फुटका पाटा, देवांच्या तसबिरी आणि लाल कापडी बांधणीच्या चार लांबट वह्या. आत्याच्या खाणावळीच्या वह्या. त्यातल्या पहिल्या दोन माझ्या अक्षरात आहेत. वह्या घरी आणल्या, नवीन डोळ्यांनी चार दिवस वाचल्या आणि झोप उडाली. का उडाली ते शेवटी सांगतो. आधी त्या खाणावळींची गोष्ट सांगायला हवी, कारण आपल्या घरातल्या नव्या पिढीला ती ठाऊक नाही.

मुंबईत पहिली कापड गिरणी उभी राहिली १८५०च्या दशकात. पुढच्या शंभर वर्षांत परळ, लालबाग, डिलाईल रोड, काळाचौकी, वरळी हा सगळा भाग गिरणगाव झाला. रत्नागिरी, सातारा, कोल्हापूर, अहमदनगर इकडून पुरुष आले. बायको-मुले आणि शेतीचा तुकडा गावी. इथे एका गाळ्यात दहा-पंधरा जणांनी पाळीपाळीने झोपायचे. गिरणी तीन पाळ्यांत चाले, एक उठून गेला की त्याच वळकटीवर दुसरा आडवा होई. झोपायची सोय अशी झाली, पण जेवायचे कुठे? त्याचे उत्तर म्हणजे खाणावळवाली. चाळीतच राहणारी कुणी बाई आपल्या दहा बाय बाराच्या खोलीत पंधरा-वीस जणांना दोन वेळ जेवू घाले, महिन्याचे पैसे महिन्याने घेई.

ही खाणावळ बाई हौसेने घालत नसे. बहुतेक घरांत काहीतरी मोडलेले असे. नवरा वारलेला, नवऱ्याने टाकलेले, नवरा दारूत गेलेला. आमच्या आत्याचा नवरा कार्डिंग खात्यात होता. तिथे कापसाची तुसे हवेत तरंगत असतात. त्यांना छातीचा विकार जडला, नोकरी सुटली, आणि संगमेश्वरकडच्या घरी जाऊन ते पडले. आत्याच्या पदरात तीन मुले, धाकटा दीड वर्षाचा. ती गावी गेली नाही. नवऱ्याच्याच खात्यातले सहा जण जेवायला ठेवून तिने चूल मांडली.

आता कुणी विचारील, गिरण्या एवढ्या होत्या तर ती स्वतःच गिरणीत का लागली नाही? या प्रश्नाच्या उत्तरात मोठा इतिहास आहे. एकेकाळी गिरणीत बायका पुष्कळ होत्या. १९२०च्या दशकात दर पाच कामगारांत एक बाई असे, मुख्यतः वाइंडिंग आणि रीलिंग खात्यांत. आत्याची सासू वाइंडिंगात होती. या बायकांची तान्ही मुले घरी असत. ती दिवसभर झोपून राहावीत म्हणून अफूची बाळगोळी देण्याची चाल होती. आत्याची सासू हे अगदी सहज सांगे, 'गोळी दिली की पोर रडत नसे.' त्या माउलीच्या तोंडून ते ऐकताना माझ्या अंगावर काटा यायचा. तिच्या सातांतली तीन जगली.

बाळंतपणाच्या रजेचा कायदा व्हावा म्हणून मुंबई कायदे कौन्सिलात १९२८ साली विधेयक आले. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी त्याला पाठिंबा दिला. आईला बाळंतपणाच्या आधी आणि नंतर विसावा मिळणे हे साऱ्या देशाच्या हिताचे आहे, म्हणून त्याचा मोठा भार सरकारनेही उचलला पाहिजे, असे त्यांचे म्हणणे होते. १९२९ साली कायदा झाला, देशातला अशा तऱ्हेचा पहिला. पण पैसे द्यायचे एकट्या गिरणीमालकाने. मग मालकांनी हिशेब केला. बाई ठेवली की भत्ता आला, बाईच ठेवली नाही तर प्रश्नच मिटला. एवढे एकच कारण होते असे नाही. मंदी होती, नवी यंत्रे येत होती, रात्रपाळीला बाई चालत नव्हती. पण तिशीच्या दशकापासून बायका गिरणीतून कमी होत गेल्या त्या गेल्याच. सत्तरच्या दशकापर्यंत त्यांचे प्रमाण अगदी नगण्य उरले. आत्याची सासू अशीच घरी बसली आणि सुनेला तर गिरणीचे फाटक कधी उघडलेच नाही.

कायदा चांगलाच होता. पण आईचा भार एकाच खिशावर टाकला की तो खिसा आईलाच दारातून बाहेर काढतो, हे तेव्हा दिसले. पुढे १९४८ साली कामगार राज्य विम्याचा कायदा आला आणि त्यात कामगार आणि मालक दोघांच्या वर्गणीतून पैसे देण्याची सोय झाली. पण तोवर गिरणीतल्या बायकांचे नुकसान होऊन गेले होते, आणि खाणावळवालीला तर यातले काहीच लागू नव्हते. ती कुणाची नोकर नव्हती ना! कामगार नाही, म्हणून युनियन नाही. दुकानदार नाही, म्हणून बँकेत पत नाही. ती 'घरीच असते' अशी सरकारदरबारी नोंद.

आता मी १९६७ सालात येतो. मॅट्रिक होऊन मी बी.ए. करायला मुंबईला आलो आणि आत्याकडे उतरलो. झोपायला चाळीची गॅलरी, अभ्यासाला जिन्याखालचा दिवा. आत्याला अक्षर येत नव्हते, ती कोळशाने भिंतीवर रेघा ओढून हिशेब ठेवी. मी आल्यावर तिला कारकून मिळाला. रोज रात्री ती बोले आणि मी लिही. त्या वह्या आज माझ्यासमोर आहेत, म्हणून पुढचे आकडे आठवणीतले नाहीत, वहीतले आहेत.

गिऱ्हाईक अठरा. दोन वेळचे जेवण, महिना चाळीस रुपये. म्हणजे सातशे वीस रुपये जमा. त्यातून धान्य, भाजी, सुकी मासळी, तेल, रॉकेल, कोळसा यांना पाचशे सत्तर. उरले दीडशे. कागदावर बरे दिसते. पण मेख पुढे आहे.

गिरणीचा पगार महिना संपल्यावर दहा तारखेला. कायद्यानेच हजार किंवा जास्त कामगार असलेल्या ठिकाणी दहाव्या दिवसापर्यंत मुदत दिलेली होती. म्हणजे एक तारखेला जेवायला बसलेला माणूस पैसे देणार चाळीस दिवसांनी. वाणी मात्र आठवड्याने वसूल करी आणि भाजीवाली तर रोजच्या रोज. मधल्या चाळीस दिवसांचे भांडवल आणायचे कुठून? त्यासाठी चाळीच्या नाक्यावर सावकार बसलेला. मंगळसूत्र ठेवायचे, पैसे उचलायचे, व्याज रुपयाला महिना दहा पैसे. सावकारीला परवाना हवा, व्याजाला मर्यादा हवी असा कायदा १९४६ सालीच झाला होता, पण नाक्यावरच्या सावकाराने तो वाचला नसावा.

आत्यावर चारशेचे कर्ज होते. महिना चाळीस रुपये व्याज. शिवाय दर महिन्याला एखादा तरी पैसे न देता गावी निघून जाई, त्याचे चाळीस. दीडशेतून ऐंशी गेले, उरले सत्तर. पहाटे चारला स्टोव्ह पेटे, सातच्या पाळीचे डबे, दुपारच्या साडेतीनच्या पाळीचे जेवण, रात्री बाराला सुटणाऱ्यांचे ताट झाकून ठेवायचे. दिवसाला सोळा तास धरले तरी महिन्याचे चारशे ऐंशी तास. सत्तर रुपयांना भागून पाहा. तासाला पंधरा पैसेही पडत नाहीत. त्यातूनच खोलीचे भाडे, मुलांच्या फिया, नवऱ्याचे औषध.

आणि चारशे रुपयांवर वर्षाला व्याज किती? चारशे ऐंशी. मुद्दल जिथल्या तिथे. मी तिला हे पहिल्यांदा सांगितले तेव्हा ती म्हणाली, "बाळा, मला काय कळत नाही होय? पण सकाळी पीठ कुठून आणू?"

या एका वाक्यात सगळे अर्थशास्त्र आहे. आईची पिळवणूक बहुधा कुणी तिच्या अंगावर धावून करत नाही. मुलाची भूक रोजची आणि कष्टाचे मोल महिन्याचे, या दोहोंच्या मधे जी फट असते तिथे कुणीतरी दुकान थाटून बसतो. आत्याला मदत नको होती, मुदत हवी होती. तीच तिला सगळ्यात महाग पडत होती.

१९७३-७४ साली गिरण्यांत मोठा संप झाला. संपकऱ्यांना जेवू कोण घालत होते? याच बायका, आणि उधारीवर. संपाच्या बातम्यांत त्यांचा उल्लेख शोधून सापडायचा नाही. पण एका बाईंच्या ते लक्षात आले. प्रेमाताई पुरव. त्या मूळच्या गोव्याच्या, गोवा मुक्तिसंग्रामात पायात गोळी लागलेल्या. नंतर मुंबईत कम्युनिस्ट पक्षाच्या आणि कामगारांच्या कामात आल्या. त्यांनी चाळीचाळीतून फिरून खाणावळवाल्यांना एकत्र केले आणि १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळ स्थापन केले.

त्यांनी काय केले हे नीट पाहण्यासारखे आहे. देणग्या गोळा करून वाटल्या नाहीत. १९६९ साली चौदा बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले होते आणि १९७२पासून अगदी गरिबांना चार टक्के व्याजाने कर्ज देण्याची सरकारी योजना होती. योजना कागदावर होती, बायका चाळीत होत्या, मधे बँकेचा काउंटर होता. प्रेमाताईंचे पती दादा पुरव बँक कर्मचाऱ्यांचे पुढारी, त्यामुळे त्या काउंटरपलीकडची वाट त्यांना माहीत होती. तारण म्हणून सोने नाही, घर नाही, तर बायकांनी गट करून एकमेकींची हमी घ्यायची. पहिल्या तुकडीत चौदा जणी होत्या, प्रत्येकीला दीड हजार.

आता पुन्हा पाढे म्हणू. आत्याच्या चारशेवर सावकाराचे वर्षाचे व्याज चारशे ऐंशी रुपये. चार टक्क्यांनी तेच सोळा रुपये! बाई तीच, चूल तीच, कष्ट तेच.

आत्या पहिल्या तुकडीत नव्हती. का नव्हती? मंडळाच्या बायका तिच्याकडे आल्या तेव्हा तिने मला बोलावून घेतले. मी तोवर शाळेत मास्तर झालो होतो, घरातला शिकलेला. मी म्हणालो, "आत्या, बँकेच्या भानगडीत पडू नकोस. चौघींच्या कर्जाला जामीन राहशील आणि अडकशील." तिने माझे ऐकले आणि आणखी दीड वर्ष सावकाराला व्याज भरले. मग एके दिवशी मला न विचारता जाऊन कर्ज घेतले, मंगळसूत्र सोडवून आणले. त्या कर्जाच्या कागदावर तिने सही केली. ती तिला मंडळातल्या एका बाईने शिकवली होती. मी तिच्या घरात चार वर्षे राहिलो, जन्मभर दुसऱ्यांच्या मुलांना बाराखडी गिरवून घेतली, पण तिच्या हातात पाटी द्यावी असे मला एकदाही सुचले नाही.

मंडळ पुढे वाढले. दादरला, वाशीला त्यांची कामे उभी राहिली, नोकरदार बायकांसाठी वसतिगृह झाले. प्रेमाताईंना २००२ साली पद्मश्री मिळाली. २०२४ साली त्या गेल्या. त्यांच्या कन्या मेधाताई पुरव सामंत यांनी पुण्यात असेच काम उभे केले आहे.

आत्याच्या शेवटच्या वहीत १९८२ आहे. १८ जानेवारीला संप सुरू झाला, अडीच लाख कामगार बाहेर पडले. या वहीतले अक्षर आतेबहिणीचे आहे. जानेवारी, फेब्रुवारी, मार्च, नावांपुढे रकमा आहेत, 'जमा' या रकान्यात काही नाही. एप्रिलपासून नावेच कमी होत जातात. माणसे गावी गेली. तो संप कधी रीतसर मिटलाच नाही आणि गिरण्यांबरोबर खाणावळीही बसल्या. संपात कामगार बुडाला हे आपण सगळे म्हणतो. त्याला तीन महिने उधार जेवू घालणारी बाईही बुडाली. आत्याने मग शिवडीच्या एका कंपनीत डबे देऊन दिवस काढले. पण बँकेचा हप्ता तिने थकवला नाही, आणि सावकाराच्या ओट्यावर पुन्हा चढली नाही.

आता झोप का उडाली ते सांगतो. पहिल्या दोन वह्या मी उलटसुलट चाळल्या. अठरा गिऱ्हाइकांची अठरा पाने. कोण किती दिवस जेवला, कोण गावी गेला म्हणून किती वजा, सगळे माझ्या वळणदार अक्षरात. कुणाचे चार आणेही मी सोडलेले नाहीत. पण एकोणिसावे पान नाही. माझे. पहिल्या वर्षी वडिलांनी गावाहून थोडे पैसे पाठवले, मग दोन वर्षे पाऊस नीट झाला नाही आणि पाठवणे बंद झाले. मी जेवत राहिलो. चाळीस रुपये महिना, तीन वर्षे म्हणजे चौदाशे चाळीस. आत्यावर कर्ज होते चारशे.

तिने कधी मागितले नाही आणि 'घरचाच आहे' म्हणून मीही कधी मांडले नाही. नोकरी लागल्यावर पहिल्या पगारात तिला लुगडे नेले, तिने मला ओवाळले, फिटले असे मी धरून चाललो. सावकाराला मी जन्मभर शिव्या दिल्या. पण तिच्या चाळीस दिवसांच्या फटीत मीही बसलेलो होतो, बिनव्याजी आणि बिनपानाचा.

आत्या जाऊन बरीच वर्षे झाली. आतेभावाला फोन करून हे सांगितले तर तो हसला. म्हणाला, "दादा, आईचे हिशेब आता काय काढतोस?" मी म्हणालो, हिशेब मीच लिहिले होते, चूक मीच दुरुस्त करायची.

असो. मग अशा आईला हात द्यायचा तो कसा? मला जे कळले ते थोडक्यात सांगतो. १९९०नंतर गावोगाव बचत गट झाले, बँका त्यांना जोडल्या गेल्या, पुष्कळ बायकांचे सोने सुटले. पण कर्ज म्हणजे नेहमीच मदत असे नाही. २०१० साली आंध्र प्रदेशात छोट्या कर्जांच्या कंपन्यांनी एकाच बाईच्या गळ्यात चार-चार कर्जे बांधली आणि आठवड्याच्या वसुलीने तिला जेरीस आणले, तेही आपण पाहिले. व्याज किती, हप्ता तिच्या कमाईच्या तालाशी जुळतो का, आणि गटातल्या बायका सोबतिणी आहेत की पहारेकरीण, हे तीन प्रश्न विचारल्याशिवाय कुणाला कर्ज घ्या म्हणून सांगू नये. आणि न घेण्याचा सल्ला देतानाही, मी दिला तसा, न बघता देऊ नये.

बाकीचे आपल्या घरातच आहे. आपल्याकडे पोळ्यांना येणारी, मुले सांभाळणारी, डबा पोचवणारी बाई महिनाभर आधी काम करते आणि मग पैसे घेते. म्हणजे तीच आपल्याला महिन्याची उधारी देते! आपण तिला पाच तारखेचे दहा तारखेवर नेतो तेव्हा आपल्याला काहीच लागत नाही, तिला मात्र नाक्यापर्यंत जावे लागते. तिचे बाळंतपण, तिच्या मुलाचा ताप, यात तिचा पगार कापणे म्हणजे १९२९चाच हिशेब. महाराष्ट्रात घरकामगारांच्या कल्याण मंडळाचा कायदा २००८ साली झाला, पण आपल्यापैकी कितीजणांनी आपल्या बाईला नाव नोंदवायला मदत केली? मी केली नव्हती.

आमच्याकडे पोळ्यांना येणाऱ्या ताईंना दोन लहान मुली आहेत. या महिन्यापासून मी त्यांना पगार एक तारखेला द्यायला लागलो, चालू महिन्याचा, आगाऊ. पहिल्यांदा त्या घाबरल्या, काम सोडायला सांगताहेत की काय असे त्यांना वाटले. मग म्हणाल्या, "काका, मग गॅसचे पैसे उसने नाही घ्यावे लागणार." चौदाशे चाळीसचे आजचे किती होतील हे नातवाला काढायला सांगितले आहे. तो आकडा आला की आतेबहिणीशी बोलून ते कुठे द्यायचे ते ठरवू.

नातेवाईक मंडळींना एक विनंती. आत्याकडे जेवलेले आपल्यातले आणखी पाच-सहा जण मला आठवतात. नावे इथे लिहीत नाही. वह्या माझ्याकडे आहेत, कधीही येऊन बघून जा.